पंख फुटलेली मुंगी की उधई? दाराची चौकट वाचवायची तर फरक ओळखा

नागपूर : मृगाचा पाऊस पडला की रामटेक, काटोल, उमरेडकडच्या घरांत संध्याकाळी बल्बभोवती पंखवाले किडे जमतात. ‘मुंग्यांना पंख फुटले’ म्हणत लोक ते झाडून टाकतात. पण त्यात बरेचदा उधई, म्हणजे वाळवी असते. मोबाइलवर फोटो काढून झूम केला तरी फरक कळतो. मुंगीची कंबर बारीक, मिशा कोपरासारख्या वाकलेल्या, पुढचे पंख मागच्यांपेक्षा मोठे. उधईची कंबर जाड, मिशा मण्यांच्या माळेसारख्या सरळ, चारही पंख सारखे. सकाळी फरशीवर नुसत्या पंखांचा ढीग दिसला तर उधईच समजा.

गुळाला लागणारा मोठा काळा मुंगळा चावतो, पण लाकूड खात नाही. साखरेच्या डब्यातली बारीक पिवळी मुंगी मात्र चिवट. फवारा मारला की तिची वस्ती फुटून चार ठिकाणी बिऱ्हाड होतं.

उधईचा संशय आला की चौकट अन् कवेलूखालची लाकडं ठोकून पाहा. आवाज पोकळ आला, भिंतीवर मातीची नळी दिसली, तर नळी खरवडून भागत नाही. वस्ती बहुधा जमिनीत असते. भिंतीची ओल आधी बंद करा, मातीला टेकलेलं सरपण उचला, मग औषधाचं बघा.