तूतकावरची माणसे

मुंबईच्या नाहूर उपनगराच्या पूर्वेकडची मिठागरे आणि तिवरांचे पट्टे ओलांडले की ठाणे खाडी लागते. ही खाडी दक्षिणेकडे रुंदावत मुंबई बंदराला मिळते, आणि त्या बंदरात अठराव्या व एकोणिसाव्या शतकांत ब्रिटिश निशाणाची शिडांची व्यापारी जहाजे नांगरून अनुकूल वाऱ्याची वाट पाहत असत. निशाण ब्रिटिश होते आणि कप्तान व त्याचे मेट, म्हणजे हाताखालचे अधिकारी, बहुधा ब्रिटिशच असत. परंतु अशा अनेक जहाजांचे सागवान मलबारचे, बांधणी मुंबईच्या गोदीतली आणि शिडे ओढणारे हात कोकण, गुजरात व कच्छच्या किनाऱ्यावरचे होते. तेव्हा या जहाजांना ब्रिटिश म्हणावे ते मालकीच्या आणि कायद्याच्या अर्थाने, कामाच्या अर्थाने नव्हे.

गोदीची हकीकत बऱ्याच वाचकांना ठाऊक असते. सुरतेचे लवजी नसरवानजी वाडिया १७३६ मध्ये मुंबईत आले, १७५० मध्ये येथे सुकी गोदी, म्हणजे पाणी काढून टाकून जहाजाचा तळ कोरडा करता येईल अशी गोदी, तयार झाली आणि पुढे वाडियांच्या पिढ्यांनी व्यापारी तसेच लढाऊ जहाजे बांधली. ईस्ट इंडिया कंपनीच्या मोठ्या व्यापारी जहाजांत गणले जाणारे ‘अर्ल ऑफ बालकारेस’ १८१५ मध्ये मुंबईतच बांधले गेले. सागवानाचा लौकिक केवळ टिकाऊपणामुळे झाला नव्हता: ओक लाकडातील आम्लाने लोखंडी खिळे गंजतात, सागातील तेलामुळे मात्र त्यांचे रक्षण होते.

बांधणाऱ्यांची नावे इतिहासात राहिली. जहाज चालवणाऱ्यांच्या वाट्याला ‘लास्कर’ हे एकच सामायिक नाव आले. हा शब्द मूळ फारसी ‘लष्कर’वरून पोर्तुगीजांच्या तोंडून इंग्रजांकडे गेला आणि आशियाई खलाशी या अर्थाने रूढ झाला. खलाशांचा प्रमुख तो सारंग, त्याच्या हाताखालचा मुकादम तो टंडेल, सुकाणू धरणारा तो सुकाणी, स्वयंपाक करणारा तो भंडारी. कप्तान खलाशांना एकेक करून नेमत नसे. सारंग आपल्या गावची, नात्यागोत्याची माणसे गोळा करून टोळीच जहाजावर आणी, आगाऊ रक्कमही त्याच्याच हातून वाटली जाई. परिणामी परक्या समुद्रावर गावकीचा आधार मिळे आणि कर्जाचा फासही त्याच हाती राही. एकाच व्यवस्थेच्या या दोन बाजू होत्या.

जहाजावरचा दिवस सूर्यावर नव्हे, घंटेवर चाले. दर अर्ध्या तासाला टोला पडे, टोले एकेकाने वाढत जात आणि आठ टोल्यांना चार तासांची पाळी संपे. वारा स्थिर असेल तर तूतक, म्हणजे डेक, घासून धुणे, दोर वळणे, फाटकी शिडे शिवणे ही कामे चालत. लाकडी जहाज थोडेफार गळतेच, म्हणून पंप मारण्याला खंड नसे आणि फळ्यांच्या सांध्यांत दोराचे धागे कोंबून त्यावर डांबर ओतण्याचे काम कधी संपत नसे. किनारा जवळ आला की शिशाचे वजन बांधलेली दोरी सोडून खोली वावांत मोजत; त्या वजनाच्या तळाला चरबी लावलेली असे आणि तिला चिकटून आलेली वाळू वा चिखल पाहून जाणकार ठिकाणाचा अंदाज बांधीत. खरी कसोटी वादळात लागे. परबाण, म्हणजे डोलकाठीला आडवे बांधलेले लाकूड, त्याच्याखालच्या दोरावर अनवाणी पायांनी उभे राहून, पोट लाकडावर टेकवून, भिजून जड झालेले शीड दोन्ही हातांनी गोळा करून बांधावे लागे, आणि जहाज कलले की पायाखाली तूतक नसून समुद्र असे.

या कामाची एक स्वतंत्र बोली होती. शीड वर ओढताना ‘हाबेस’ आणि सैल सोडताना ‘आरिया’ असा हुकूम होई. ‘आरिया’ हा शब्द पोर्तुगीज, हुकूम देणारा इंग्रज, ऐकणारा रत्नागिरीकडचा. हिंदुस्तानी, फारसी, अरबी, पोर्तुगीज आणि इंग्रजी यांच्या या मिश्रणाला लष्करी बोली म्हणत, आणि अधिकाऱ्यांना ती यावी म्हणून थॉमस रोबक याने १८११ मध्ये जहाजी शब्दांचा कोशच प्रसिद्ध केला. हुकूम करणाऱ्यांनाच खलाशांची भाषा शिकावी लागली, ही गोष्ट पुरेशी बोलकी आहे.

मुंबईहून नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यावर कापूस व माळव्याची अफू घेऊन चीनकडे जायचे आणि ईशान्य वाऱ्यावर परतायचे, हा एक मार्ग होता. आफ्रिकेच्या टोकाला वळसा घालून इंग्लंडला जाण्याचा दुसरा मार्ग अनेक महिन्यांचा होता. येताना ब्रिटिश खलाशी आजाराने मरत, पळून जात किंवा आरमारात जबरीने ओढले जात, म्हणून परतीसाठी येथील खलाशी भरावे लागत. मात्र १६६०च्या नौवहन कायद्यानुसार जहाजावरचे तीन चतुर्थांश खलाशी इंग्रज असणे आवश्यक होते. युद्धकाळात ही अट शिथिल होई. शांततेत इंग्लंडहून परत निघणाऱ्या जहाजावर हिंदी खलाशाला काम मिळणे दुरापास्त होई आणि तो लंडनच्या थंडीत सुती कपड्यांत अडकून पडे. १८२३च्या कायद्याने तर हे खलाशी ब्रिटिश खलाशी मानले जाणार नाहीत असेच ठरवले, आणि त्यांना मायदेशी पोचवण्याची जबाबदारी जहाजमालकांवर टाकली. ती कितपत पाळली गेली याची साक्ष म्हणजे १८५७ मध्ये लंडनच्या लाइमहाऊस भागात अशा निराधारांसाठी उघडावे लागलेले आश्रयगृह.

१८६९ मध्ये सुएझ कालवा खुला झाला आणि हिंदुस्थानचा जवळचा मार्ग आगबोटींच्या हाती गेला, कारण कालव्यातून आणि तांबड्या समुद्रातून शिडाचे जहाज नेणे त्रासाचे होते. सारंग आणि टंडेल आगबोटींवर गेले, ब्रिटिश व हिंदी खलाशांच्या वेतनातील तफावतही त्यांच्याबरोबर गेली. या खलाशांची नावे इतिहासात राहिली नाहीत, म्हणून कोकणातील ज्या घरांच्या पेट्यांत आजोबा-पणजोबांचे जहाजी दाखले, करारपत्रे किंवा पत्रे पडून असतील, त्यांनी ती रद्दीत घालू नयेत आणि निदान घरातील वडीलधाऱ्यांकडून त्यांतील नावे व बंदरे लिहून ठेवावीत.