त्र्याऐंशी साल : जमा आणि नावे

सालांचं नशीबही माणसांसारखंच असतं. एखादं साल एकाच गोष्टीनं नाव काढतं आणि मग कायमचं त्याच नावानं ओळखलं जातं. बहात्तर म्हटलं की महाराष्ट्राला दुष्काळ आठवतो. त्र्याण्णव म्हटलं की मुंबईतले बॉम्बस्फोट आणि किल्लारीचा भूकंप. आणि त्र्याऐंशी म्हटलं की लॉर्ड्सची बाल्कनी, कपिलदेवच्या हातातला विश्वचषक आणि खाली मैदानभर पसरलेली माणसं. त्या साली जे जन्मलेही नव्हते, त्यांनाही हे चित्र पाठ आहे. २०२१च्या डिसेंबरात त्या विजयावर हिंदी चित्रपट आला, त्याचं नावही नुसतं ‘८३’. म्हणजे एका अख्ख्या सालानं आपलं नाव क्रिकेटला लिहूनच दिलं म्हणायचं!

माझं सगळं उमेदीचं आयुष्य बँकेत गेलं. जमेचा रकाना पाहिला की नजर आपोआप नावे रकान्याकडे वळते. ती सवय निवृत्तीनंतरही सुटत नाही. म्हणून आज त्र्याऐंशीचं खातेपान दोन्ही बाजूंनी वाचावंसं वाटतं.

जमेपासून सुरुवात करू. जानेवारीतच दक्षिणेनं दिल्लीला धक्का दिला. एन. टी. रामाराव यांनी जेमतेम नऊ महिन्यांपूर्वी काढलेल्या तेलुगू देसम पक्षानं आंध्रात काँग्रेसची सत्ता घालवली. शेजारच्या कर्नाटकात रामकृष्ण हेगडे मुख्यमंत्री झाले. ते त्या राज्यातलं पहिलं बिगरकाँग्रेस सरकार. पुढची तीस-चाळीस वर्षं देशाच्या राजकारणात प्रादेशिक पक्षांचं जे वजन राहिलं, त्याची एक मोठी नोंद या महिन्यात आहे.

आपल्याकडे फेब्रुवारीत बाबासाहेब भोसले गेले आणि वसंतदादा पाटील पुन्हा मुख्यमंत्री झाले. स्वतः फारसं न शिकलेल्या दादांनी त्याच साली विनाअनुदान तत्त्वावर खासगी अभियांत्रिकी महाविद्यालयांना वाट मोकळी करून दिली. त्या निर्णयावर तेव्हाही वाद झाला, आजही होतो. पण तालुक्याच्या गावातली मुलं इंजिनिअर होऊन पुण्याला, बंगळूरला आणि पुढे अमेरिकेला गेली, त्यांतल्या अनेकांची वाट तिथूनच सुरू होते. देणग्यांपायी गहाण पडलेल्या शेतांची वाटही तिथूनच सुरू होते. एकच व्हाउचर, नोंदी दोन.

एप्रिलमध्ये ‘गांधी’ चित्रपटाला आठ ऑस्कर मिळाली. त्यातलं वेशभूषेचं भानू अथय्या यांच्या वाट्याला आलं. ऑस्कर मिळवणाऱ्या या पहिल्या भारतीय मूळच्या कोल्हापूरच्या, राजोपाध्ये घराण्यातल्या. याच चित्रपटातल्या कस्तुरबांसाठी रोहिणी हट्टंगडी यांना ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार मिळाला. कोल्हापूरच्या मुलीनं हॉलिवूडच्या मंचावर उभं राहावं, ही गोष्ट आमच्या पिढीला तेव्हा कादंबरीतली वाटली होती.

आणि जून. १८ तारखेला टनब्रिज वेल्सला झिंबाब्वेविरुद्ध भारताचे १७ धावांत ५ गडी बाद झाले होते आणि कपिलदेवनं नाबाद १७५ धावा काढल्या. त्या खेळीचं चित्रीकरणच नाही. ज्यांनी पाहिली त्यांनी पाहिली, बाकीच्यांनी कानांनी ऐकून जन्मभर सांगितली. २५ तारखेच्या अंतिम सामन्यात आपण सगळे मिळून १८३ वर आटोपलो, तेव्हा आमच्या चाळीत ज्या एका बिऱ्हाडात टीव्ही होता, तिथली निम्मी मंडळी जेवायला उठून गेली. मग बलविंदरसिंग संधूचा चेंडू गॉर्डन ग्रीनिजनं बॅट वर उचलून सोडून दिला आणि तो आत वळून यष्टीवर आदळला. उठून गेलेली माणसं हात न धुताच परत आली! वेस्ट इंडिज १४०. त्रेचाळीस धावांनी विजय.

क्रिकेट मंडळाकडे तेव्हा खेळाडूंना बक्षीस द्यायला पैसे नव्हते, हे आजच्या मुलांना खरं वाटणार नाही. मंडळाचे अध्यक्ष नागपूरचे एन. के. पी. साळवे. लता मंगेशकर दिल्लीत मानधन न घेता गायल्या आणि त्या कार्यक्रमाच्या उत्पन्नातून प्रत्येक खेळाडूला एक लाख रुपये मिळाले.

इथपर्यंतचं पान आपण सगळे आनंदानं वाचतो. आता नावे बाजू.

२५ जूनलाच दिल्लीत आणखी एक गोष्ट घडली. ६ जानेवारीला कन्याकुमारीहून पायी निघालेले चंद्रशेखर त्या दिवशी राजघाटावर पोचले. चार हजार किलोमीटरहून अधिक चाल. पिण्याचं पाणी, कुपोषण, प्राथमिक शिक्षण असे साधे प्रश्न घेऊन हा माणूस सहा महिने खेड्यापाड्यांतून चालला. आणीबाणीच्या स्मरणदिनी त्यानं यात्रा संपवली आणि त्याच रात्री देश फटाके उडवत रस्त्यावर आला, तो लॉर्ड्ससाठी. यात कुणाचा दोष नाही. पण त्या तारखेला दोन गोष्टी घडल्या आणि आपल्याला एकच माहीत आहे, एवढं खरं.

फेब्रुवारीत आसाममध्ये निवडणूक लादली गेली. मतदार याद्यांवरून विद्यार्थ्यांचं आंदोलन पेटलेलं होतं, बहिष्कार होता. १८ फेब्रुवारीला नेल्ली आणि आसपासच्या गावांवर जमाव चालून गेला. काही तासांत, सरकारी आकड्यानुसार, १,८०० हून अधिक माणसं मारली गेली. बहुतेक बंगाली बोलणारे मुसलमान शेतकरी, त्यांत बायका आणि मुलंच जास्त. तीन आठवड्यांत दिल्लीत अलिप्त राष्ट्रांची परिषद भरली, फिडेल कॅस्ट्रोंनी इंदिरा गांधींना मिठी मारली आणि ते छायाचित्र जगभर गेलं. नेल्लीसाठी पुढे कुणालाही शिक्षा झाली नाही.

पंजाबात एप्रिलमध्ये पोलीस उपमहानिरीक्षक अटवाल सुवर्णमंदिरातून दर्शन घेऊन बाहेर पडताना गोळ्या घालून मारले गेले. ५ ऑक्टोबरला ढिलवानजवळ बस अडवून सहा हिंदू प्रवाशांना ठार केलं आणि दुसऱ्या दिवशी तिथं राष्ट्रपती राजवट आली. पुढचं चौऱ्याऐंशी आपण जाणतो. जून, मग ऑक्टोबर आणि मग दिल्लीच्या गल्ल्यांत, सरकारी हिशेबानंच, २,७३३ शिखांची हत्या. ज्या संधूच्या चेंडूवर सगळा देश नाचला, त्याच्यासारखी पगडी घालणाऱ्यांना सोळा महिन्यांनी राजधानीत लपावं लागलं. चौऱ्याऐंशी काही आभाळातून पडलं नाही. त्याच्या नोंदी त्र्याऐंशीच्या पानावर पडत होत्या.

आणि आमची मुंबई. मी तेव्हा गिरणगावातल्या एका शाखेत नवखा क्लार्क होतो, बचत खात्याच्या काउंटरवर. १८ जानेवारी १९८२ला सुरू झालेला गिरणी संप दुसऱ्या वर्षात गेला होता. अडीच लाखांच्या आसपास कामगार. संप कधी मागे घेतला गेलाच नाही, तो नुसता विरत गेला. पूर्वी दर महिन्याच्या पगाराला आमच्या काउंटरसमोर रांग असे. त्र्याऐंशीत रांग होती ती पैसे काढणाऱ्यांची, आणि मग तीही संपली. पाच-पाच, दहा-दहा रुपये काढून माणसं खातं किमान शिल्लकीवर आणत आणि विचारत, “साहेब, एवढे ठेवलेच पाहिजेत का?” मी त्यांच्या मुलाच्या वयाचा, पण काउंटरच्या आतला म्हणून साहेब. ठेवलेच पाहिजेत, असं मी सांगायचो. नियमच होता.

कुणी कोकणात गेला, कुणी साताऱ्याकडे. दोन-तीन वर्षं व्यवहार न झालेली खाती आम्ही ‘इनऑपरेटिव्ह’ लेजरला उतरवून घेत असू. पंच्याऐंशी-शहाऐंशीच्या सुमाराला आमच्या शाखेत हे काम आलं, तेव्हा एकेका खात्याची शेवटची नोंद पाहिली की बहुतेक ठिकाणी साल तेच, १९८३. सहीच्या कार्डावर पत्ता म्हणून गिरणीचं नाव आणि खातं. सही मोडीसारखी वळणदार, कुठे नुसता अंगठा. इतिहासाची पुस्तकं मी बरीच वाचली, पण त्या लेजरइतकं थेट त्र्याऐंशी साल मला दुसरीकडे भेटलं नाही.

याच साली ‘अर्धसत्य’ आणि ‘जाने भी दो यारो’ हे दोन चित्रपट आले. पहिला श्री. दा. पानवलकरांच्या कथेवरचा, पटकथा विजय तेंडुलकरांची, कविता दिलीप चित्र्यांची. खलनायक आमचे नगरचे सदाशिव अमरापूरकर. दुसरा बोलूनचालून विनोदी. पण दोन्हींत शहर पोखरलेलं आहे आणि सरळ माणूस हरतो. म्हणजे नावे बाजू कुणालाच दिसत नव्हती असं नाही. कलावंतांना ती चांगली दिसत होती.

हिशेब मांडला म्हणून जमेचा आनंद खोटा ठरत नाही. विश्वचषकानंतर काही महिन्यांतच वेस्ट इंडिजनं इथं येऊन पाचही एकदिवसीय सामने आणि कसोटी मालिका ३-० अशी जिंकली. त्यातच सुनील गावसकर यांनी दिल्लीत ब्रॅडमन यांच्या २९ शतकांशी बरोबरी केली आणि चेन्नईत नाबाद २३६ करून तो विक्रम मागे टाकला. हरत असतानाही माणसं मोठं काम करतात, हेही त्याच सालानं दाखवलं. डिसेंबरात मारुतीची पहिली गाडी रस्त्यावर आली, तेव्हा मध्यमवर्गानं स्वप्न पाहिलं, आणि ते खरंही झालं. गिरण्यांच्या जमिनींवर पुढे जे मॉल आणि टॉवर उभे राहिले, त्यांच्या तळघरांत त्याच स्वप्नातल्या गाड्या उभ्या असतात.

घरातल्या मुलांना लॉर्ड्सची गोष्ट जरूर सांगा. कपिलदेव सांगा, संधूचा तो चेंडू तर सांगाच. पण मुलं ऐकण्याच्या लहरीत असली, तर त्यांना विचारा : त्याच २५ जूनला दिल्लीत कोण चालत पोचलं होतं? परळच्या त्या टॉवरच्या जागी आधी काय होतं? नेल्ली कुठं आहे? उत्तरं आली नाहीत तर नकाशा काढा आणि सोबत बसा. रविवारची दुपार आहे, वेळ आहे.