प्रेशर हेड आणि पाचशे पिल्लं

दाब म्हणजे घनता गुणिले जी गुणिले उंची, हे सूत्र आपण सगळ्यांनीच फ्लुइड मेकॅनिक्समध्ये पाठ केलंय. मला ते खरं कळलं काकांच्या पोल्ट्री शेडमध्ये, आणि किंमत मोजली पिल्लांनी.

सुट्टीत मी काकांना म्हटलं, पाचशे पिल्लांची पाण्याची भांडी रोज किती वेळा धुणार, ऑटोमॅटिक करून देतो. दहा पिल्लांमागे एक असे ५० निपल पाइपला बसवले आणि पाइप थेट दोन मीटर उंचीवरच्या टाकीला जोडला. प्रत्येक निपल बोटाने दाबून पाहिलं, पाणी आलं. झालं काम! खालचा तूस एकदम कोरडा, म्हणून दोन दिवस आम्ही खूश. तिसऱ्या दिवशी सकाळी २२ पिल्लं मेलेली, पाय सुकून काटकीसारखे. काका एवढंच म्हणाले, "लाइनला पाणी हाय ना रं?"

पाणी होतंच. पिल्लांना ते पिता येत नव्हतं.

निपलच्या आत छोटी पिन असते. वरच्या पाण्याचा दाबच तिला सीटवर बसवतो. चोचीने ती ढकलली की थेंब येतो. दाब जितका जास्त, तितकी ढकलायला ताकद जास्त. एक दिवसाचं पिल्लू जेमतेम ४० ग्रॅमचं, त्याला ५ ते १० सेंमी पाण्याचा दाब पुरतो. मी दिला २०० सेंमी, म्हणजे किमान वीसपट! माझ्या बोटाला हा फरक काय कळणार?

त्याच दिवशी जुनी भांडी परत मांडली, एकेका पिल्लाची चोच पाण्यात बुडवली. मग टाकी आणि पाइपच्या मध्ये पाच लिटरचा डबा आणि त्यात कूलरचा फ्लोट व्हॉल्व्ह बसवला. आता दाब ठरतो डब्यातल्या पातळीवर. डबा आणि पाइप एकाच फ्रेमला टांगलेत, त्यामुळे पिल्लं वाढतील तशी फ्रेम उचलली तरी दोघांतलं अंतर बदलत नाही. पहिल्या दिवशी निपल पिल्लाच्या डोळ्यांच्या उंचीवर, नंतर मान वर करून प्यावं लागेल इतकं. आणि पाइप गवंड्याच्या लेव्हल ट्यूबनेच लावा: १० सेंमीच्या दाबात ५ सेंमी उतार आला की खालच्या टोकाला दाब दीडपट. तिथे एक उभी पारदर्शक नळी ठेवली की पातळी दिसते, अडकलेली हवाही निघते.

खाद्याचं त्यामानाने सोपं. पहिले चार-पाच दिवस कागदावरच पसरायचं, नंतर टायमरवरची मोटर. फक्त भरडलेलं खाद्य नरसाळ्यात कमान धरून अडकतं, म्हणून भिंती जास्त उभ्या केल्या आणि शाफ्टला ढवळायला एक तार बांधली.

पिल्लं खाद्याच्या साधारण पावणेदोन ते दोन पट वजनाचं पाणी पितात, म्हणून मी पाण्याला मीटरही लावलंय. काका ते बघत नाहीत. रात्री दहा-वीस पिल्लं उचलतात आणि गळ्याखालची पिशवी चाचपतात. भरलेली आणि मऊ लागली तर ठीक. कडक लागली, तर खाद्य पोटात गेलंय, पाणी नाही. मग मला हाक मारतात.