एकाचा भाव काढा, गणित सुटेल!

परीक्षा जवळ आली की घरोघरी एक देखावा हमखास दिसतो. कुकरच्या शिट्ट्या चालू असतात आणि सहावी-सातवीतली लेक वही पुढे करून विचारते, "आई, इथं गुणायचं की भागायचं?" आपण पदराला हात पुसत म्हणतो, "बाबांना विचार."

मैत्रिणींनो, त्या एका वाक्याने मुलगी काय शिकते, ठाऊक आहे? 'गणित बायकांचं काम नव्हे!' आणि खरे पाहता हेच गणित तुम्ही परभणीच्या बाजारात रोज तोंडी करता. पुस्तकात त्याला 'एकमान पद्धत' म्हणतात. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त (इ.स. ११५०) याच जातीची गणिते 'त्रैराशिक' या नावाने आहेत.

समजा, ५ किलो ज्वारीला २१० रुपये पडले, तर ८ किलोला किती? लेकीला सूत्र सांगू नका. विचारा, "एका किलोला किती गं?" २१० ला ५ ने भागले की ४२. आता ८ ने गुणा, ३३६ रुपये. बहुतेकांकडून अधले-मधले 'एक'च राहून जाते.

पुष्कळ मुले उलटे, म्हणजे ५ ला २१० ने भागतात. त्यावर सोपा उपाय आहे. जे काढायचे ते उजवीकडे लिहायला सांगा. रुपये काढायचे, तर डावीकडे किलो, उजवीकडे रुपये.

दुसरा खड्डा याहून खोल. ६ बायकांनी रान ४ दिवसांत खुरपले, तर ८ बायकांना किती दिवस? इथे आधी विचारावे, "बायका वाढल्या, तर दिवस वाढतील की घटतील?" शेताच्या बांधावर गेलेली मुलगी लगेच सांगेल, घटतील! म्हणजे एकटीला ६ गुणिले ४, असे २४ दिवस लागतील, आठजणींना ३. उत्तर चारापेक्षा जास्त आले, तर चूक तिची तिलाच कळेल.

सरावाला वेगळे पुस्तक नको. २०० ग्रॅम चहा ८४ रुपयांना आणि ५०० ग्रॅम २२० रुपयांना असेल, तर स्वस्त कोणता? १०० ग्रॅमचा भाव काढा: ४२ आणि ४४. मोठा पुडाच महाग निघाला! अलीकडे पुष्कळ पाकिटांवर किमतीजवळ ग्रॅमचा किंवा किलोचा भावही छापलेला असतो. लेकीला आधी हिशेब करू द्या, मग तो आकडा ताडून पाहायला सांगा.

आज वाणसामान आणताना पिशवीबरोबर लेकीलाही न्या. आणि उद्या तिने वही पुढे केली, की "बाबांना विचार" म्हणू नका. गॅस बारीक करा आणि म्हणा, "बस इथं. एकाला किती, ते आधी सांग."