रस्सा वाढवता येतो, वडी नाही

साखरपुड्याचं जेवण आहे. माणसं ३००, पहिली पंगत दुपारी साडेबाराला, जागा नारायणगावाबाहेरच्या एका मळ्यातलं अंगण. ताटात मासवडी म्हणजे तीळ-खोबऱ्याचं सारण भरलेली बेसनाची वडी, झणझणीत रस्सा, बाजरीची भाकरी, इंद्रायणीचा भात, कांदा-लिंबू आणि गोडाला बुंदी. जुन्नर-आंबेगावात मासवडीला मटणाइतकाच मान आहे. घरात माळकरी असले, पाहुण्यांत वार पाळणारे असले, की यजमान मासवडीच सांगतात. मग मटण खाणारा आणि न खाणारा एकाच पंगतीला बसतो आणि दोघांनाही सारखाच घाम फुटतो. पुणे-नाशिक रस्त्यावर मंचरपासून आळेफाट्यापर्यंत मासवडीच्या पाट्या दिसतात त्या याच भुकेपोटी.

आम्ही काही बायका मिळून अशा जेवणांच्या सुपाऱ्या घेतो. हा त्यातला एक दिवस.

आदली संध्याकाळ, ५ वाजता

दिवस खरा इथूनच सुरू होतो. बाजरी आज संध्याकाळीच गिरणीत टाकायची, त्याआधी नाही. बाजरीत तेलाचा अंश जास्त, त्यामुळे तिचं पीठ लवकर कडवट होतं. माणशी दोन भाकरी धरल्या तर ६०० भाकरी आणि किलोला आठ या हिशोबाने ७५ किलो पीठ. बेसन १५ किलो. एका किलोत सव्वाशेच्या आसपास वड्या निघतात, म्हणजे माणशी सहा.

मग सारण. तीळ कढईत तडतडले की लगेच उतरवायचे, लाल होऊ द्यायचे नाहीत. सुकं खोबरं किसून बदामी भाजायचं. कांदा बारीक चिरून तेलात त्याचं पाणी पूर्ण आटेपर्यंत परतायचा. ठेचलेला लसूण, डंकावर कुटलेला काळा मसाला, मीठ. कोथिंबीर आज घालायची नाही, ती सकाळी. सारण कोरडं राहिलं पाहिजे, कारण ओल्या सारणाची वडी कापताना उलते आणि दुपारपर्यंत आंबूसही होते. म्हणून ते गरम असताना डब्यात भरत नाही. स्वच्छ धोतरावर पसरून गार करतो आणि मगच झाकतो.

पहाटे ४

मळ्यात पोचलो की आधी चुलाणं पेटवायची. विटांची दोन मोठी, एक रश्श्याला आणि एक आधणाला. बेसनासाठी मात्र गॅसच्या दोन शेगड्या, कारण घाट्याला, म्हणजे घाटून शिजवायच्या पिठाला, आच क्षणात कमी करता यावी लागते. सरपणाच्या जाळाला ते सांगता येत नाही.

जाळ बसून निखारे झाले की त्यांत अख्खे कांदे टाकायचे आणि खोबऱ्याच्या वाट्या थेट आचेवर धरायच्या. खोबरं बाहेरून काळं पडतं, त्यातलं तेल सुटायला लागतं, आणि त्या वासानेच घरातली माणसं जागी होतात. कांदा साल जळेपर्यंत भाजला की आतून मऊ आणि गोड होतो. रश्श्याचा काळा रंग आणि खोल चव इथे तयार होते. गॅसवर तेलात भाजून रस्सा होतो, पण धुराची ही चव येत नाही.

साडेपाच

वाटण. १२ किलो कांदा, ६ किलो खोबरं, आलं, लसूण, कोथिंबिरीच्या काड्या. पूर्वी हे पाट्यावर व्हायचं आणि त्यासाठी गल्लीतल्या बाया येऊन बसायच्या. आता मोठं ग्राइंडर आहे आणि त्याचं मला मनापासून समाधान वाटतं. वाटणाला बारीकपणा हवा, तो यंत्र देतं. बाईचे खांदे पुढच्या कामासाठी शिल्लक राहतात.

सहा

रस्सा फोडणीला टाकायचा. तेल चांगलं तापवून त्यात वाटण घालायचं आणि कडेने तेल सुटेपर्यंत हलवत राहायचं. या कामाला पाऊण तास जातो आणि तो द्यावाच लागतो. कच्चट राहिलेलं वाटण नंतर कितीही उकळलं तरी घशाला लागतं. मग काळा मसाला, तिखट, हळद. मसाला करपू नये म्हणून लगेच आधणातलं पाणी. गार पाणी कधीच नाही, त्याने तवंग बसतो आणि उकळी मोडते. मीठ शेवटी. टोपात ९० लिटरच्या आसपास रस्सा होतो आणि मंद जाळावर उकळत राहतो. माणसं वाढली तर यात आधण, मसाला आणि मीठ वाढवता येतं. हे आज लक्षात ठेवायचं.

सात

चहा. दुरून आलेल्या बायका हात-पाय शेकून घेतात. कोण घाटणार, कोण थापणार, कोण भाकरीला बसणार, हे चहाबरोबर ठरतं. थापायला चार, घाटायला दोन, भाकरीला आठ.

साडेसात

आता घाटा. दिवसातलं सगळ्यात अवघड काम हे.

पातेल्यात तेल, जिरं, लसूण-मिरचीचा ठेचा, हिंग, हळद. त्यावर एका किलो बेसनाला सव्वादोन लिटर पाणी आणि मीठ. पाण्याला खळखळून उकळी आली की एका हाताने बेसन वैरायचं आणि दुसऱ्या हाताने घाटत राहायचं. गुठळी झाली की ती तिथल्या तिथे पातेल्याच्या कडेला दाबून मोडायची. पीठ एकजीव झालं की आच कमी करायची, झाकण ठेवायचं, वाफ आणायची. परत घाटायचं, परत वाफ.

नव्याने शिकणारी एक मुलगी आमच्याबरोबर आहे. घाटा जड व्हायला लागला की ती घाबरते.

"मावशी, पाणी घालू का अजून?"

"नको गं. आता पाणी नाही, वाफ."

डाळ जुनी की नवी, दळण बारीक की जाडसर, यावर पाणी थोडं कमी-जास्त होतं. म्हणून मापाच्या पुढे एक परीक्षा असते. बोट पाण्यात बुडवून घाट्याला लावायचं. पीठ बोटाला चिकटलं नाही आणि वर चमक आली, की झालं. कच्चा घाटा जिभेला चिकट लागतो आणि जास्त आटवलेला घाटा थापताना तडकतो. या दोन्हींच्या मधे मिनिटभराचा अवकाश असतो.

यजमानांचे भाऊ येऊन उभे राहतात. "आक्का, पाच-पाच किलोचा एकदम घाटा की. लवकर उरकंल."

"दादा, रस्सा सांगाल तेवढा वाढवते. वडी तशी वाढत नाही."

याचं कारण साधं आहे. पाच किलो घट्ट पीठ एका माणसाच्या हाताला तळापर्यंत हलत नाही, खाली लागतं आणि मधे गुठळ्या राहतात. ते घाटून झालं तरी दुसरी अडचण आहेच. शिजलेलं बेसन निवता निवता घट्ट बसतं आणि एकदा बसलं की त्याला आकार देता येत नाही, नुसते तुकडे पडतात. पाच किलोंतला पहिला गोळा थापून होईपर्यंत शेवटचा गार झालेला असतो. थंडीच्या दिवसांत तर आणखीच लवकर. म्हणून दोन शेगड्यांवर एक-एक किलो, आळीपाळीने, पंधरा वेळा.

आठ ते साडेनऊ

पाटावर ओलं पिळलेलं फडकं. त्यावर खसखस, थोडं किसलेलं खोबरं, कोथिंबीर भुरभुरायची. त्यावर चटका देणारा घाट्याचा गोळा. हात पाण्यात बुडवायचा आणि थापायचं. पाण्याचा तो पातळ थर हात वाचवतो, पण पूर्ण नाही. पहिल्या काही वड्यांना तळवे लाल होतात. पोळी पाव इंच जाडीची आणि सगळीकडे सारखी हवी. मधोमध सारणाची ओळ, मग फडक्यासकट एक कड उचलून दुमडायची, दुसरी तिच्यावर आणायची आणि फडक्यावरूनच दाबून वर माशाच्या पाठीसारखी धार काढायची. सारण कुठूनही दिसता कामा नये.

चौघींचं थापणं एकसारखं नसतं. एकीची धार उंच, एकीची वडी जरा बसकी. तरी जाडी सारखी येते, कारण ती प्रत्येकीच्या बोटांत बसलेली असते. मटणाला मऊपणा चुलीवरचा वेळ देतो. टोप मोठा घेतला, जाळ मंद ठेवला, तर २० किलो मटणही आपल्या गतीने शिजतं. मासवडीचा मऊपणा हाताने द्यावा लागतो, आणि हात एका वेळी एकाच वडीवर असतो.

आमच्याच तालुक्यात आणे गावी श्री रंगदास स्वामींच्या यात्रेला आमटी-भाकरीचा महाप्रसाद असतो. आमटी मोठमोठ्या कढयांत शिजते, भाकरी मात्र घराघरांतून येते. हजारो माणसांना जेवू घालायची ही जुनी शहाणी रीत आहे. जे कढईत वाढतं ते कढईत, आणि जे हाताने होतं ते जास्त हातांत वाटून.

साडेनऊ ते साडेअकरा

तासभर निवलेल्या वड्या कापायला घ्यायच्या. गरम असताना कापल्या तर बेसन ओढलं जातं आणि सारण सांडतं. सुरी दर दोन कापांनंतर ओल्या फडक्याने पुसायची. काही बायका अजून दोऱ्यानेच कापतात, आणि त्यांचा काप सुरीपेक्षा नितळ येतो. इटलीत मक्याचं पीठ असंच घट्ट शिजवून, फळीवर ओतून दोऱ्याने कापण्याची जुनी रीत आहे. शिजवून बसवलेल्या पिठाला दाबणारं पातं सोसत नाही, हे तिथल्या बायकांनाही कळलं होतं.

कापलेल्या वड्या परातींत एकेरी मांडून ओल्या फडक्याखाली ठेवायच्या. त्या रश्श्यात आधी सोडायच्या नाहीत. बेसन रस्सा पितं, फुगतं, फुटतं, आणि मग वडीही गेली नि रस्साही पिठूळ झाला.

तिकडे सकाळपासून तव्यांची रांग पेटलेली असते. कोमट पाण्यात मळलेलं पीठ, काठवटीत थापलेली भाकरी, तव्यावर पाण्याचा हात, मग निखाऱ्यावर फुगवणं. आठ जणी बसल्या तरी ६०० भाकरींना साडेबारा वाजतातच, आणि पंगत बसल्यावरही तवे चालू ठेवावे लागतात.

साडेबारा

पंगत. आधी भाकरी, मग सहा वड्या, मग उकळता रस्सा थेट वड्यांवर. वडी निवलेली असते, तिला ऊब रस्सा देतो. दोन मिनिटांत ती कडेने मऊ होते, आत तीळ-खोबरं खुसखुशीत राहतं. वाढप्यांना मी एकच गोष्ट बजावते: रश्श्याची बादली गार झाली की टोपावर परत या. कोमट रश्श्यातली मासवडी बेसनाचा तुकडा लागते.

तीन

शेवटची पंगत उठल्यावर आम्ही बसतो. शिकणारी मुलगी आज स्वतः थापलेली वडी ताटात मागून घेते. तिच्या वडीला धार कमी आहे, पण ती उललेली नाही. पुढच्या वेळी थापायला तिला धरायचं, हे मी तिला तिथेच सांगते.

साडेचार

भांडी घासून, मोजून परत. मग पैशांचा हिशोब. लोक ताटाचा दर मसाल्यावरून आणि किराण्यावरून मोजतात. माझं म्हणणं वेगळं आहे. बेसन, तीळ आणि खोबरं दुकानात मिळतं, चटका सोसून सारख्या जाडीची पोळी थापणारा हात मिळत नाही. तो तयार व्हायला वर्षं लागतात. त्या हाताची मजुरी भाकरीच्या आणि भांड्यांच्या मजुरीत मिसळून टाकली, तर पुढच्या पिढीतली एकही मुलगी हे शिकायला बसणार नाही आणि मासवडी साच्यातून निघालेली जाड, कोरडी वस्तू होऊन जाईल. म्हणून थापणाऱ्या बाईचे पैसे मी वेगळे लावते आणि यजमानांना कारण सांगते. बहुतेकांना पटतं, कारण त्यांच्या आईनेही कधीतरी पाटावर वडी थापलेली असते.

निघताना यजमान पुढच्या कार्याचं विचारतात, लग्न आहे, ८०० माणसं, जमेल ना? टोप, चुलाण, सरपण यांची चिंता मला नसते, ते भाड्याने मिळतं. मी आधी मनात थापणाऱ्या बायका मोजते. दहा जणी मिळत असतील तर हो म्हणते, नाहीतर सरळ सांगते की मासवडी नको, पिठलं-भाकरी करूया.