गळा वेगळा, वाद्ये वेगळी

फोडणीच्या वरणातून मोहरी आणि हिंग पुन्हा वेगळे काढता येत नाहीत. गाण्याचेही तसेच असावे, असा आमचा वर्षानुवर्षांचा समज होता. स्टुडिओत गळा, ताल व वाद्ये निरनिराळ्या ट्रॅकवर मुद्रित होतात, परंतु आपल्यापर्यंत येते ते त्यांचे मिश्रण. २०१९ साली डीझर या फ्रेंच कंपनीने ‘स्प्लीटर’ ही संगणकप्रणाली सर्वांना खुली केली आणि तयार गाण्यातून गळा, ताल, बेस व उरलेली वाद्ये घरबसल्या जवळजवळ वेगळी काढता येऊ लागली. जवळजवळ म्हणतो, कारण वाद्यांमागे गळ्याची पुसट सावली उरतेच.

स्नेहसंमेलनाच्या तयारीत, लाऊडस्पीकरचा व्यवसाय करणाऱ्या आमच्या एका माजी विद्यार्थ्याने ‘सैराट’ (२०१६) मधील ‘याड लागलं’ हे गाणे असे सोडवून ऐकविले. प्रथम नुसती वाद्ये. अजय-अतुल यांनी या चित्रपटासाठी पाश्चात्त्य वाद्यवृंद लॉस एंजेलिस येथील सोनीच्या स्टुडिओत मुद्रित केला, हे आम्ही वाचले होते. तथापि गाणे ऐकताना व्हायोलिनांच्या त्या थरांकडे आमचा कान कधी गेलाच नव्हता. भालकीकडची, घरी कन्नड बोलणारी काही मुले तेथे होती. हे तर आमचे गाणे, असे ती म्हणाली. आणि त्यांचे चुकले नव्हते. २०१७ च्या ‘मनसु मल्लिगे’ या कन्नड चित्रपटात चाली त्याच आहेत. वाद्यांना सीमाप्रश्न ठाऊक नसतो.

मग नुसता गळा लावला. अजय गोगावले यांचा श्वासही ऐकू येऊ लागला, आणि त्या शांततेत एक शब्द : याड. वेड नव्हे, याड. निबंधात हा शब्द आला की त्याखाली तांबडी रेघ ओढून आम्ही ‘वेड’ लिहीत आलो. समुद्रापलीकडच्या वादकांचा तो एवढा ताफा ह्या शब्दाच्या पाठीशी उभा केलेला होता! मुलांसमोर आम्ही काही बोललो नाही.

संमेलनात नुसती वाद्ये लावली. मुले मराठीत गायिली. मागच्या रांगेतल्या दोघी कन्नडमध्ये. पुढल्या आठवड्यात वह्या तपासताना एका निबंधात तो शब्द पुन्हा भेटला. आम्ही रेघ ओढली नाही. समासात ‘वेड’ मात्र लिहिले, कारण परीक्षक आम्ही असणार नाही.