तावदानांवरील फिल्म : गैरसमज आणि वस्तुस्थिती

जुन्या घरांतील जाड भिंती, लाकडी झडपा आणि खोल छज्जे यांची जागा भिंतभर पसरलेल्या स्लायडिंग काचांनी घेतली, तेव्हापासून उन्हाला घरात शिरण्यास कोणतीच हरकत उरलेली नाही. आणि वैशाखातील दुपारचे तीन ते सहा हे तास पश्चिमाभिमुख खोलीत कंठणाऱ्या गृहस्थाला काचेवर परावर्तक फिल्म लावून घेण्याची इच्छा व्हावी, हे स्वाभाविकच आहे. ती इच्छा अनाठायीही नाही. परंतु या फिल्मविषयी बाजारात आणि शेजारीपाजारी जे समज रूढ झाले आहेत, त्यांपैकी बरेचसे अर्धसत्य असल्यामुळे, त्यांच्या भरवशावर पैसे खर्च करणाऱ्याच्या पदरी पुष्कळदा अंधार पडतो, गारवा पडत नाही.

यांतील सर्वांत दृढमूल समज असा की, फिल्म जितकी काळी तितकी खोली थंड. सूर्याकडून भूपृष्ठावर जी ऊर्जा पोचते तिचे शंभर भाग कल्पिले, तर सुमारे पन्नास भाग अवरक्त किरणांचे, चाळीस ते पंचेचाळीस भाग दृश्य प्रकाशाचे आणि उरलेला अल्प अंश अतिनील किरणांचा असतो. केवळ रंग देऊन काळी केलेली फिल्म प्रामुख्याने दृश्य प्रकाश शोषून घेते. शोषलेली ऊर्जा नाहीशी होत नाही, ती काचेला तापवते, आणि तापलेली काच त्या उष्णतेचा काही वाटा बाहेर तर काही वाटा खोलीत सोडत राहते. दुपारी चारच्या सुमारास अशा काचेवर तळहात ठेवून पाहावा. ती तव्यासारखी तापलेली आढळते. याउलट, पॉलिएस्टरच्या पातळ पापुद्र्यावर निर्वात कक्षात अॅल्युमिनियमच्या वाफेचा अतिसूक्ष्म थर चढवून जी फिल्म तयार होते, ती ऊन शोषण्यापेक्षा परतवण्याचे काम अधिक करते, आणि परतवलेले किरण काचेतूनच आल्या वाटेने बाहेर जातात. म्हणून रंगाने फिकट, किंचित रुपेरी दिसणारी फिल्म गडद काळ्या फिल्मपेक्षा सरस ठरू शकते. शिवाय हलक्या प्रतीचा रंग काही उन्हाळ्यांतच विटून जांभळा पडतो.

दुसरी गोष्ट विक्रेत्याच्या प्रात्यक्षिकाची. पेटलेल्या दिव्यासमोर फिल्म लावलेली काच धरून ग्राहकाला हात पुढे करायला सांगतात. हाताला ऊब लागत नाही आणि ‘नव्वद टक्के उष्णता अडते’ असा निष्कर्ष काढला जातो. त्या दिव्याची ऊर्जा जवळजवळ संपूर्ण अवरक्त असते, सूर्याची निम्मीच असते, हा भेद येथे लक्षात आणून दिला जात नाही. नव्वद टक्के अवरक्त किरण अडवणाऱ्या पण सत्तर टक्के प्रकाश आत सोडणाऱ्या फिल्मचा हिशेब केला, तर सूर्याच्या शंभर भागांपैकी पंचेचाळीस भाग अवरक्ताचे, तेरा-चौदा भाग प्रकाशाचे आणि थोडे अतिनील, असे फार तर साठ-बासष्ट भाग अडतात. त्यांतही जे परतवले न जाता शोषले जातात त्यांचा काही हिस्सा पुन्हा आत येतो. तेव्हा विचारावयाचा आकडा वेगळाच आहे. काचेवर पडलेल्या एकूण सौर ऊर्जेपैकी किती अंश अखेरीस खोलीत येतो हे सांगणाऱ्या त्या आकड्यास ‘एसएचजीसी’ म्हणतात, आणि चार-पाच मिलिमीटर जाडीच्या साध्या पारदर्शक काचेसाठी तो सुमारे ०.८५ असतो. केंद्र सरकारने २०१८ साली निवासी इमारतींसाठी जी ‘इको निवास संहिता’ जाहीर केली, तीही काचेचा विचार करताना हाच गुणांक हिशेबात धरते आणि त्याबरोबर घरात पुरेसा उजेड यावा अशी अटही घालते.

या आकड्याचे महत्त्व एका हिशेबाने स्पष्ट होईल. पश्चिमेच्या दोन चौरस मीटर काचेवर दुपारी दर चौरस मीटरला सहाशे वॅट ऊन पडत आहे असे धरले, तर साध्या काचेतून सुमारे हजार वॅट उष्णता आत येते, म्हणजे ऐन उन्हाळ्यात खोलीत एक लहानसा हीटर लावून ठेवल्याइतकी. गुणांक ०.३५ पर्यंत उतरवणारी फिल्म असेल, तर तीच उष्णता सव्वाचारशे वॅटांच्या आसपास येते. हा लाभ मोठा आहे. तथापि तो काचेपुरता आहे. वरच्या मजल्यावरील तापलेल्या गच्चीतून आणि भिंतींतून उतरणाऱ्या उष्णतेवर फिल्मचा काडीमात्र अंमल चालत नाही.

सर्व खिडक्यांना सरसकट फिल्म लावण्याची जी तजवीज सुचवली जाते, तीही विचारपूर्वक नाकारण्याजोगी आहे. आपण कर्कवृत्ताच्या दक्षिणेस राहतो. मुंबईत मेच्या मध्यास आणि नागपुरात मेच्या अखेरच्या आठवड्यात मध्यान्हीचा सूर्य थेट डोक्यावर येतो, त्यामुळे ऐन उन्हाळ्यात दक्षिणेच्या खिडकीतून दुपारचे ऊन फारसे येतच नाही. ऑक्टोबरात ते येते खरे, परंतु इतक्या उंचावरून की बेताचा छज्जाही पुष्कळसे अडवू शकतो. आणि थंडीत येणारे कोवळे ऊन तर नाशिक-नागपूरकडे हवेहवेसेच असते. खरा शत्रू पश्चिमेचा आणि त्या खालोखाल पूर्वेचा, कारण तेथे सूर्य क्षितिजाजवळ असल्याने छज्ज्याखालून सरळ आत शिरतो. पैसे मर्यादित असतील तर ते पश्चिमेच्या तावदानांवर खर्च करावेत. आणि जेथे खिडकीबाहेर बांबूची चिक टांगण्याची सोय आहे तेथे, माझ्या मते, चिकच श्रेष्ठ. ती ऊन काचेपर्यंत पोचूच देत नाही.

‘आतून बाहेरचे दिसते, बाहेरून आतले दिसत नाही’ हे आश्वासन दिवसापुरते सत्य आहे. फिल्म दोन्ही दिशांनी जवळपास सारखाच प्रकाश सोडते. ज्या बाजूला उजेड अधिक, त्या बाजूच्या माणसाला आरसा दिसतो. रात्री आत दिवे लागले की हा न्याय उलटतो आणि रस्त्यावरील माणसाला खोली स्वच्छ दिसते. रात्रीच्या आडोशासाठी पडदा हवाच.

२०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने काळ्या फिल्मवर बंदी घातली, म्हणून घरालाही ती लावता येत नाही, असे सांगणारेही भेटतात. त्या निकालाचा विषय मोटारवाहनांच्या काचा हा होता; घराच्या खिडक्यांशी त्याचा संबंध नाही. सहकारी गृहनिर्माण संस्थेत मात्र इमारतीचे दर्शनी रूप पालटत असेल, तर आधी लेखी परवानगी घ्यावी. समोरच्या घरात परावर्तित उन्हाची तिरीप जाणार असेल, तर त्यांच्याशीही बोलून घ्यावे.

फिल्ममुळे काच तडकते, ही भीती निराधार नाही आणि सरसकट खरीही नाही. साध्या एकपदरी काचेस बहुधा काही होत नाही. पण जाळीदार तारेची काच, मुळातच रंगीत काच, दोन तावदानांमध्ये हवा कोंडलेली दुहेरी काच, किंवा जिच्या कडेला आधीच टवका उडाला आहे अशी काच, यांवर ऊन शोषणारी फिल्म लावल्यास मध्यभाग तापतो, चौकटीतील कडा थंड राहतात आणि त्या ताणाने भेग जाते. परदेशातील आपल्या बांधवांच्या घरांत बहुधा दुहेरी काचाच असतात. त्यांनी फिल्मच्या उत्पादकाने कोणत्या काचेस मुभा दिली आहे हे पाहिल्यावाचून काम करू नये. अॅल्युमिनियमची फॉइल चिकटवून ठेवण्याचा स्वस्त इलाजही याच कारणास्तव धोक्याचा आहे.

लावण्याच्या कृतीत कौशल्यापेक्षा स्वच्छतेचा भाग मोठा आहे. काच साबणाच्या पाण्याने धुऊन, जुने रंगाचे ठिपके ब्लेडने खरवडून, पंखा बंद करून, ऊन नसलेल्या वेळी काम करावे. काच आणि फिल्मची चिकट बाजू, दोन्हींवर सौम्य शाम्पूचे थेंब घातलेले पाणी भरपूर फवारावे, म्हणजे फिल्म सरकवून नीट बसवता येते. मग मध्यापासून कडांकडे रबरी पट्टीने पाणी काढावे आणि चौकटीलगत एक-दोन मिलिमीटरची फट ठेवावी. नंतर दिसणारे धुरकट डाग आणि पाण्याचे बारीक बुडबुडे पाहून अनेक जण काम फसले असे समजतात आणि फिल्म ओढून काढतात. ते पाणी काही आठवड्यांत आपोआप सुकते. न जाणारे असतात ते धुळीचे कण. पूर्ण सुकेपर्यंत काच पुसू नये, आणि पुढेही अमोनियायुक्त द्रव किंवा खरखरीत घासणी वापरू नये. घासून पांढरी केलेल्या काचेच्या खडबडीत बाजूस फिल्म धरत नाही.

अतिनील किरणे अडवण्याचा दावा चांगल्या फिल्मच्या बाबतीत बहुतांशी खरा असतो. परंतु पडदे आणि पुस्तकांची बांधणी विटण्यास प्रकाश आणि उष्णता हीही कारणे असल्यामुळे, विटणे मंदावते, थांबत नाही.

पैसे देण्यापूर्वी विक्रेत्याकडून एसएचजीसी आणि प्रकाशाचे प्रमाण यांचा छापील दाखला मागावा, आणि वीतभर नमुना साबणाच्या पाण्याने आपल्याच पश्चिमेच्या तावदानावर चिकटवून एक दुपार आणि एक रात्र पाहावा. जो विक्रेता या दोहोंस तयार नसेल, त्याची फिल्म घेऊ नये.